आतून कोण येणार

३० ऑक्टोबर, सोमवार

दिवसाची सुरुवातच खराब. राउटर बनवणाऱ्या कंपनीची मेल, तातडीची, लाल अक्षरांत. गिऱ्हाइकांच्या घरी आम्ही जे राउटर बसवतो त्यांत भोक सापडलंय. एरवी राउटरच्या आतली सेटिंग बघायची तर तो आधी नाव आणि पासवर्ड विचारतो. आता असं निघालंय की ते विचारणारं पान वगळून सरळ आतलं पान मागितलं की हा शहाणा ते देऊन टाकतो. कोण, कुठला — काही विचारत नाही! एकदा आत शिरलं की त्या घरात कुठले फोन चालू आहेत, कुठले कॅमेरे आहेत, सगळं दिसतं. हवं ते बदलताही येतं.

हे कसं करायचं याचे व्हिडिओसुद्धा आलेत. एक चार मिनिटांचा आहे. मी पाहिला. मेल्यानं मागे गाणं लावलंय.

आम्ही इंटरनेट पुरवतो ती घरं तीन हजार. नेटवर्क सांभाळणारे दोघं — मी आणि शिडीमामा. मामा पन्नाशीचे, सहा फुटांवर उंच, वायरी ओढण्यात उभा जन्म गेलेला. सकाळपासून दोघंही जागचे हललो नाही.

३१ ऑक्टोबर, मंगळवार

यादी काढली. नव्या मॉडेलची दुरुस्ती आलीय, ती इथे बसूनच पाठवता येते. जुन्याची येणारच नाही. 'हे उत्पादन आम्ही आता सांभाळत नाही, कृपया बदलून घ्या.' एवढंच! हात झटकून मोकळे. असे जुने सहाशे बारा.

त्यात आमची पद्धत. पद्धत कसली, माझीच अक्कल. प्रत्येक राउटरच्या आत 'उपकरणाचं नाव' म्हणून एक रकाना असतो. आठ वर्षांपूर्वी मी सगळ्यांना सवय लावली, की तिथे इमारत, मजला, खोली टाकायची. तक्रार आली की मामांना नेमका जिना सापडतो. तेव्हा मालकांनी चारचौघांत पाठ थोपटली होती. आज त्या रकान्याकडे बघवत नाही. आत शिरणाऱ्याला आयता पत्ता.

मालकांना सगळं सांगितलं. त्यांनी एकच विचारलं, गिऱ्हाइकांना कळवायलाच हवं का. म्हटलं, हवं. म्हणाले, बघू. त्यांचं 'बघू' मी अकरा वर्षं ऐकतेय.

१ नोव्हेंबर, बुधवार

त्या सहाशे बारांतला एक धाकटीकडे आहे.

हे काल यादीतच दिसलं होतं. लिहिलं नाही. लिहिलं की खरं होतं, असं काहीतरी वेड माझं.

सात महिन्यांपूर्वी माझी ही बहीण नवऱ्याचं घर सोडून आली, मनगट मोडून घेऊन. त्या नवऱ्याचं नाव मी या वहीत लिहीत नाही. साळसूद म्हणते. चारचौघांत इतका गोड, की तक्रार लिहून घेणारा पोलीससुद्धा शेवटी त्याच्याच पाठीवर हात ठेवून बोलत होता. धंदा दुकानांतून कॅमेरे बसवायचा, त्याच कॅमेऱ्यांचं स्वतःचं दुकानही आहे. धाकटी आधी एका मैत्रिणीकडे राहिली, तिथे त्यानं तिला शोधून काढलं आणि तेच मनगट पुन्हा मोडलं. जाताना सांगून गेला, पुढच्या वेळी मनगटावर भागणार नाही. शांतपणे म्हणाला, म्हणे. बूट घालता घालता.

तेव्हापासून एकच गोष्ट महत्त्वाची. ती कुठे राहते हे त्याला कळता कामा नये. खोली मी शोधली, करार माझ्या नावावर. पत्ता फक्त मला ठाऊक. बाबांनाही सांगितला नाही. दिवसभर ती आत बसून डॉक्टरांचे रिपोर्ट टाइप करते, म्हणजे इंटरनेट हवंच. कुणाच्या नावावर नवी जोडणी नको, म्हणून स्टोअरमध्ये परत आलेला एक राउटर पडला होता तो झाडूनपुसून मीच नेऊन बसवला.

झाडूनपुसून! काय पण हुशारी.

३ नोव्हेंबर, शुक्रवार

उपाय केला. सगळी घरं आमच्या ऑफिसातल्या मोठ्या यंत्रातून बाहेरच्या जगाला जोडलेली आहेत. त्या यंत्रावरच नियम टाकला, की बाहेरून कुणीही कुठल्याही राउटरचं आतलं पान मागितलं तरी मागणी इथेच अडवायची. आता राउटर जुना असो, भोक असो, बाहेरचा माणूस तिथवर पोचणारच नाही.

मामा माझ्या खुर्चीमागे उभे होते. म्हणाले, "आणि आतून? आपल्याच एका गिऱ्हाइकानं दुसऱ्याच्या राउटरचं पान मागितलं तर?"

"आतून कोण येणार, मामा? सगळी आपलीच माणसं."

खरं कारण निराळं. मामा आणि मी सकाळच्या तक्रारी घरून बघतो, आपापल्या घरच्या जोडणीवरून. आतलं बंद केलं तर ते जमणार नाही. प्रत्येक बारीकसारीक तक्रारीला जिने चढायचे आणि मामांचे गुडघे हे असे. आधी सहाशे बारा बदलू, मग आतलंही बंद करू, असं ठरवलं. शिवाय साळसूद राहतो त्या भागात आमची वायर जातच नाही. तो आमचा गिऱ्हाईक होऊच शकत नाही. हे मामांना सांगितलं नाही, मनात मोजलं.

५ नोव्हेंबर, रविवार

घरी मी आणि बाबा दोघंच. आठवडाभर नीट बोलणं नाही म्हणून आज त्यांच्याबरोबर बसले. त्यांनी मोजून दहा मिनिटं तब्येतीचं सांगितलं, मग गाडी नेहमीच्या रुळावर. धाकटी कशी आहे. कुठे आहे. ठीक आहे म्हटलं. बापाला लेकीचा पत्ता माहीत नाही, ही काय रीत झाली, म्हणाले. 

बाबा वाईट नाहीत. पस्तीस वर्षं सर्व्हे खात्यात नकाशे काढले. दोन बिंदू असले की त्यांच्यामध्ये रेघ ओढल्याशिवाय त्यांना चैन पडत नाही. डोळे मिटायच्या आत लेक नांदती झालेली पाहायचीय. "एकदा दोघं समोरासमोर बसू देत. माणूस रागात काहीबाही करतो." मनगट दोनदा मोडणं म्हणजे काहीबाही! मी उठून भांडी घासली. जोरजोरात.

७ नोव्हेंबर, मंगळवार

चाळीस नवे राउटर आले. सहाशे बाराला चाळीस! आधी दवाखाने, मग वकील, मग ज्यांच्या घरात कॅमेरे आहेत ते. धाकटीला पुढे घेतलं नाही. आपल्याच माणसाला रांगेत पुढे घुसवायचं नाही, हा एक भाग. दुसरा म्हणजे तिनं सांगून ठेवलंय — ताई, तू सारखी येऊ नकोस, तुझ्या मागावर राहून तो इथे पोचेल. खरं आहे ते. बाहेरचं तर बंदच आहे, मग घाई कशाला.

सकाळपासून पाच दवाखाने झाले. मामांचे पाय सुजले.

१० नोव्हेंबर, शुक्रवार

काल एका दिवसात बाहेरून नऊ हजार वेळा दार ठोठावलं गेलं. नऊ हजार! कुठकुठल्या देशांतून. एकही आत गेला नाही. मालकांना आकडा दाखवला, तर दोन बोटांनी चष्मा वर करून 'वा' म्हणाले. खोटं कशाला लिहू, छाती फुगली माझी.

१४ नोव्हेंबर, मंगळवार

लिहायला बसलेय पण अक्षर लागत नाही.

दुपारी दीडला धाकटीचा फोन.  म्हणाली, अकरापासून इंटरनेट नव्हतं, वाटलं तुमचं काहीतरी काम चालू असेल. शेवटी फोनवर आसपासच्या वायफायची यादी उघडली. तिच्या वायफायचं नाव मी आकड्यांचं ठेवलं होतं, ते यादीत नव्हतंच. त्या जागी इंग्रजी अक्षरांत — 'राणीसरकार चला'.

राणीसरकार तिला एकच माणूस म्हणतो. मारायच्या आधी म्हणतो.

मी म्हटलं, दार उघडू नकोस, मी निघाले. "तू येऊ नकोस," म्हणाली. "तू आलीस तरी तो येईल आणि नाही आलीस तरी येईल." फोन बंद.

पोलिसांना फोन केला आणि निघाले. पोचायला पन्नास मिनिटं लागली. खोली उघडी. घरमालकीण जिन्यात उभी होती, म्हणाली, तुमची बहीण एक पिशवी घेऊन मागच्या बाजूनं गेली, अर्धा तास झाला. आत टाइपिंगचे हेडफोन तसेच टेबलावर. राउटरची वायर भिंतीतून उपटलेली, प्लास्टरसकट.

तो आला होता का? घरमालकीण म्हणाली, एक गृहस्थ आले होते मगाशी. फार सभ्य. दुसऱ्या मजल्यावर मागची खोली हीच का, विचारत होते.

१५ नोव्हेंबर, बुधवार

धाकटीचा एक निरोप: जिवंत आहे. शोधू नकोस.

जेवण गेलं नाही. बाबांनी विचारलं, काय झालं, चेहरा असा का. म्हटलं, कामाचा ताण.

१६ नोव्हेंबर, गुरुवार

बाहेरच्या सगळ्या नोंदी तपासल्या, ओळ न् ओळ. नियम चोख आहे. बाहेरून कुणीही तिच्या राउटरपर्यंत गेलेला नाही.

म्हणजे आतून.

मामा समोरच बसले होते.  'मी विचारलं होतं' म्हणाले असते तर बरं झालं असतं. मी नियम लिहिला, आतलंही बंद केलं. चार मिनिटांचं काम! तेवढ्यासाठी मी 'मग बघू' म्हटलं होतं. मालक झाले मी.

आणि रकाना. 'उपकरणाचं नाव'. तिचा राउटर बसवला त्या दिवशीची माझी स्वतःची नोंद उघडली. इमारत, दुसरा मजला, मागची खोली. सगळं लिहिलेलं. करार माझ्या नावावर, जोडणी बेनामी, सख्ख्या बापापासून लपवाछपवी — आणि हातांनी सवयीनं पत्ता टाइप केलेला! मला आठवतही नाही टाकल्याचं. एकेका राउटरमध्ये डोकवत जायचं, तिच्या फोनचं नाव दिसलं की थांबायचं आणि पत्ता वाचायचा. सकाळभराचं काम.

बाथरूममध्ये जाऊन रडले. नळ सोडून. मग तोंड धुऊन परत येऊन तीन हजार रकाने रिकामे करायला बसले.

१८ नोव्हेंबर, शनिवार

आमचं कुठलं गिऱ्हाईक? हा प्रश्न डोक्यातून जात नाही. त्यानं कुणाच्या तरी घरून हे केलं. मित्र असेल, एखादा दुकानदार असेल ज्याला कॅमेरे बसवून दिलेत. आतल्या आत कोण कुणाकडे गेला याच्या नोंदी एका वेगळ्या जुन्या यंत्रात साठतात. त्या काढायला मालकांची परवानगी लागते. मागितली.

बघू, म्हणाले. गिऱ्हाइकांच्या नोंदी चाळल्या असं बाहेर कळलं तर? म्हटलं, गिऱ्हाइकांच्या घरात कुणीही शिरत होतं हे कळलं तर? त्यावर चष्मा पुसत बसले.

२० नोव्हेंबर, सोमवार

धाकटीचा फोन आला. कुठून, सांगत नाही. आवाज सपाट.

"पत्ता फक्त तुला माहीत होता, ताई."

मी चिडले. खरंच चिडले! तुला काय वाटतं, मी सांगितलं त्याला? माझ्या घरातून गेला पत्ता? ती म्हणाली, मी तसं म्हटलं नाही. मग काय म्हटलंस? तिनं फोन ठेवला.

लहानपणी तिला अंधाराची भीती वाटायची तेव्हा माझ्या फ्रॉकचं टोक मुठीत धरून झोपायची. आता मला पत्ता सांगत नाही. बरोबरच आहे तिचं.

२१ नोव्हेंबर, मंगळवार

परवानगी नाही अजून.

२३ नोव्हेंबर, गुरुवार

तिनंच पुन्हा केला फोन. या वेळी मी आधी बोलले. सगळं सांगितलं — आतलं उघडं ठेवलं ते, मामांनी विचारलं होतं ते, रकान्यातला पत्ता. एकही गोष्ट वगळली नाही. माझ्या घरातून गेला नाही पत्ता, माझ्या हातातून गेला, म्हटलं.

 ती रडली. मग चक्क हसली. म्हणाली, तू लहानपणापासून माझ्या वह्यांवर नाव, इयत्ता, तुकडी घालायचीस, ताई. तू पत्ता घातला नसतास तरच नवल.

ती हॉटेलच्या खोलीत आहे. दर दोन दिवसांनी हॉटेल बदलते. अशी किती दिवस राहणार? म्हटलं, माझ्याकडे ये. ती म्हणाली, त्याला तुझं घर माहीत आहे. म्हटलं, माहीत असून काय! मी त्याला जिन्यावरून हाकलला त्याला दोन वर्षं होतील, तेव्हापासून उंबरठा ओलांडलेला नाही त्यानं. नवं कुलूप आहे. बाबा दिवसभर घरात असतात. एकटी अशी राहणारच नाहीस.

विचार करते, म्हणाली.

२६ नोव्हेंबर, रविवार

आली!

बाबांनी दारातच तिचं मनगट दोन्ही हातांत घेतलं आणि सोडेनात.  मला वाटलं, आता कळलं त्यांना. आपल्या हातांनी तिचं अंथरूण घातलं, उशी थोपटून दिली. जेवताना एकदाही 'समोरासमोर' हा शब्द काढला नाही. धाकटीनं माझ्याकडे बघून भुवई उडवली — हे आपलेच बाबा ना?

पंधरा दिवसांत पहिल्यांदा पोटभर जेवले.

२७ नोव्हेंबर, सोमवार

सुट्टी घेतली. धाकटी अकरापर्यंत झोपली. बाबा चवड्यांवर चालत होते, तिला जाग येऊ नये म्हणून. दुपारी तिघं पत्ते खेळलो. बाबा हरले की खोटं खेळलात म्हणतात, तसं म्हणाले.

मालकांनी शेवटी हो म्हटलं. मामांनी नोंदी काढायला घेतल्यात, उद्या सकाळपर्यंत होतील म्हणाले. ज्याच्या घरून हे झालं तो सापडला की त्याला मी सोडणार नाही. मालक गेले खड्ड्यात, मी पोलिसांत नाव देणार.

उद्या कामावर जाऊ की नको, असं चाललं होतं. बाबाच म्हणाले, "तू निवांत जा. मी आहे ना तिच्याजवळ."

२८ नोव्हेंबर, मंगळवार. टॅक्सीत

रस्ता तुंबलाय. फोन करून करून थकले, धाकटी उचलत नाही, बाबा उचलत नाहीत. हातांना काही तरी हवं म्हणून लिहितेय.

नोंदी निघाल्या. सात तारखेला अकरा वाजून पाच मिनिटांपासून एका जोडणीवरून सहाशेच्या सहाशे राउटरांमध्ये डोकावलंय. चौदाला पुन्हा तीच जोडणी, या वेळी सरळ धाकटीच्या राउटरकडे. एकवीसलाही आली होती, तोवर मी बंद केलं होतं. तीनही मंगळवार. साळसूदचं दुकान मंगळवारी बंद असतं. मामांनी ग्राहक क्रमांक कागदावर लिहून माझ्यापुढे सरकवला आणि खिडकीकडे बघत राहिले. क्रमांक माझ्या घरचा. त्या वेळी घरात बाबांशिवाय कुणी नसतं.

आत्ता सव्वाअकरा.

पोलिसांना लावला. तिकडून विचारलं, दार फोडून घुसलाय का कुणी? म्हटलं, नाही. माझ्या वडिलांनी उघडलं असेल.